दारातला शॉट

"कवाड उघडंच हाय. ये आत," मंगलअक्का आतून म्हणाली. उठून मात्र आली नाही.

अमरदीप उंबऱ्याबाहेर बूट काढत जरा घुटमळला. एकवीस वर्षं हे असंच चाललं होतं. तो यायचा, ती आतून आवाज द्यायची. पाणी द्यायची, जेवू घालायची, तब्येतीचं विचारायची. अबोला धरणाऱ्यातली बाई ती नव्हेच. पण भाऊ आला म्हणून दारापर्यंत येणं नाही की निघाला म्हणून दारापर्यंत सोडणं नाही. राजेश्वरसारख्या गावात पाहुण्याला बसपर्यंत पोचवायला अर्धी गल्ली निघते, तिथं ही गोष्ट कुणाच्या नजरेतून सुटेल होय? पण गल्लीला कारण ठाऊक होतं, म्हणून कुणी विचारत नव्हतं.

अक्का भिंतीला टेकून पुंडीची, म्हणजे अंबाडीची, भाजी निवडत बसली होती. बासष्टी गाठली होती तिनं. नवरा लग्नानंतर चौथ्या वर्षीच गेला, तेव्हा ती मुडबीहून माहेरी आली ती कायमचीच. अंगणवाडीत मदतनीस म्हणून पुढं सगळी नोकरी केली, आईला सांभाळलं. भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो, शेजारी बुद्धाचा, आणि त्या दोन्हींच्या खाली, जरा कमी उंचीवर, आई. सरुबाई. फोटो अमरदीपनंच काढलेला.

"डोळे कामून लाल झालेत?"

"रात्रभर गाडीत व्हतो. झोप न्हाई." पुण्यात तीस वर्षं काढली तरी उंबरा ओलांडला की त्याची जीभ आपोआप गावावर यायची.

"हातपाय धू. भाकरी टाकते."

"बस जरा. कामाचं बोलायचंय." तो समोर पोत्यावर बसला. "गुलबर्ग्याला माझे सिनेमे दाखवायलेत, अक्का. दोन दिवस. समदे. शेवटी सत्कार हाय."

"चांगलं हाय की."

"तू ये."

अक्कानं एक जून काडी बाजूला टाकली. "मी येऊन काय करू?"

"शेवटी आईचा सिनेमा हाय. माझ्या बाजूला बसायला कुणी न्हाई, म्हणून ये म्हणलो."

खरं तेच बोलला तो. कॅमेऱ्याच्या मागं उभं राहून माणसानं तीस वर्षं काढली की बाजूला बसणारं कोण उरणार? गुलबर्ग्यातल्या एका स्टुडिओत लग्नाच्या शूटिंगपासून सुरुवात केली. बाशिंगं, अक्षता, जेवणाच्या पंगती. तिथून पुण्याला एका कॅमेरामनच्या हाताखाली. तारा गुंडाळल्या, दिवे धरले, आणि पाच वर्षांनी स्वतःचा माहितीपट केला. मग एकामागून एक. दगड फोडणाऱ्या बायका, विहिरीत उतरणारे वडार, आळंदच्या दालमिलमधल्या तुरीच्या धुळीनं पांढरे झालेले हमाल. कुणाच्या घरात महिना काढायचा, कुणाच्या चुलीपुढं दोन महिने. त्यांच्या लेकीबाळींची नावं पाठ व्हायची, आणि सिनेमा झाला की ती माणसं मागं राहायची. ज्योतीशी लग्न केलं, ते नऊ वर्षं टिकलं. जाताना ती भांडली नाही. एवढंच म्हणाली, तू घरी असलास की माझ्याकडं बघत नाहीस रे, माझ्या तोंडावर उजेड कुठून येतो ते बघतोस.

"मी न्हाई येत," अक्का म्हणाली. "तिथं लोकं एकदा पडद्यावर मला बघत्याल अन् एकदा खुर्चीवर. काय जत्रा हाय का मी?"

तिचं म्हणणं खोटं नव्हतंच.

त्याचं असं झालं होतं. सरुबाईवर सिनेमा करायचं त्यानं ठरवलं तेव्हा ती सत्तरीच्या पुढं होती. दीक्षेची बातमी गावात आली तेव्हा ही पंचवीसेक वर्षांची. घरातले देव गाठोड्यात बांधून ओढ्यात सोडायला सासऱ्याच्या आधी हीच निघाली. असं एकेक सांगायची. अमरदीप वर्षभर येऊन-जाऊन तिला टिपत होता. तिचं निवडणं, पाखडणं, शेजारच्या गौरम्माशी कानडीत चाललेलं भांडण. सगळं झालं, आणि सिनेमाला शेवट मिळेना. मग जानेवारीत, तुरीच्या राशी चालू असताना, आळंदला दुसरं काही टिपत असताना निरोप आला की आई गेली. 

जीप करून तो निघाला. दोन-अडीच तासांच्या वाटेत काय काय डोक्यात आलं असेल देव जाणे, पण गल्लीच्या तोंडाशी उतरला तेव्हा कॅमेरा खांद्यावर होता आणि चालू होता. 

आपल्याकडची रीत तुम्हाला ठाऊक आहे. मातीला बाहेरगावचं रक्ताचं माणूस आलं की घरातली बाई दारात धावत येते, गळ्यात पडते आणि दोघं मिळून मोकळी होतात. धर्म बदलला, देव गेले, पण हे काही गेलं नाही; जाण्यासारखं नव्हतंच. सकाळपासून कोरड्या डोळ्यानं बसलेली मंगल भावाची वाट बघत होती. जीपचा आवाज आला तशी ती धावत सुटली आणि येऊन त्याच्या गळ्यात पडली. आता गळ्यात कसली, मध्ये कॅमेरा. भिंगाला पदर लागला, फोकस गेला, चित्र धुरकट झालं.

आणि अमरदीप म्हणाला, "अक्का, परत एकदा. आत जा, अन् परत ये."

माहितीपट करणारे लोक हे कबूल करणार नाहीत, पण परत एकदा सगळेच म्हणतात. कुंभाराला म्हणतात, चाक परत फिरव. मास्तराला म्हणतात, खडू परत उचला. तोंडात बसलेला शब्द. तो तिथंही निघून गेला.

आणि अक्का आत गेली. परत आली. परत रडली. फोकस नेमका बसला.

तो सिनेमा गाजला. दिल्लीत बक्षीस मिळालं, परदेशात दाखवला गेला, आणि दारातून धावत येणाऱ्या त्या बाईवर पानंच्या पानं लिहून आली. पेपरात तिचा फोटो आला, गल्लीतल्या कुणीतरी तो आणून अक्काच्या हातात दिला. पुढं एकदा उदगीरच्या स्टँडवर एका शिकल्यासवरल्या बाईनं तिला विचारलं, तुम्ही त्या रडणाऱ्या बाई ना? अक्का न्हाई म्हणाली आणि दुसऱ्या गावच्या गाडीत जाऊन बसली.

भाकरी टाकून झाल्यावर त्यानं पिशवीतून लॅपटॉप काढला. "एक दाखवतो. सिनेमात हाय ते न्हवं. पहिलं. तू पहिल्यांदा आलेलीस ते. नवी कॉपी करताना जुन्या कॅसेटी उघडलो, त्यात सापडलं."

"मला काय करायचंय बघून?"

"नको तर न्हाई लावत."

अक्का हात पुसत जवळ येऊन बसली. त्यानं लावलं.

गल्ली. लोकांच्या पाठी. दार. त्यातून पांढरंसं काहीतरी वेगानं मोठं होत आलं, आणि पडदा झाकला गेला. त्यानंतर नुसता आवाज. हुंदका नव्हे, पोटातून निघालेला आवाज, "अमर, आई रं, आई गेली रं." आणि त्यावर अगदी कानाशी, एका तरुण माणसाचा स्वच्छ आवाज, "मागं सर अक्का. भिंग खराब व्हायलंय."

"परत एकदा" आपण म्हणालो होतो, हे अमरदीपच्या लक्षात होतं. त्याच्यासाठी त्यानं स्वतःला पुष्कळ शिव्या घातल्या होत्या. पण हे वाक्य त्याला आठवतच नव्हतं. आठ दिवसांपूर्वी पुण्यात ऐकलं तेव्हा कुणा दुसऱ्याचं असेल असं वाटून त्यानं चारदा मागं नेऊन ऐकलं होतं.

"तवा आवाज लई बारीक व्हता तुझा," अक्का म्हणाली.

"अक्का, मी चुकलो."

"त्ये कळतंय की. एकवीस वर्षं तोंड पाडून यायलास, मला दिसत न्हाई का?" तिनं लॅपटॉप हातानंच मिटवला, एखादी वही मिटवावी तसा. "तू मागं सर म्हणलास, त्ये मला ऐकूच आलं न्हवतं. त्येचं काय न्हाई. परत ये म्हणलास, त्येचंबी येवढं न्हाई."

"मग?"

बाहेर गौरम्मा कुणाच्या तरी शेळीला कानडीत घालूनपाडून बोलत होती. वय झालं, पण आवाज खणखणीत होता म्हातारीचा.

"मी आत गेले," अक्का म्हणाली. "दाराआड उभी राह्यले. आई हितं झोपलेली, तू बसलास त्याच जागी. पांढरं नेसवलेलं. मेणबत्त्या लावलेल्या. ह्या गौरम्मानं विचारलं, कामून आत आलीस गं, अमर आला न्हवं? मी म्हणले, नीट न्हाई आलं म्हणतोय. परत रडायचंय." ती जराशी हसलीसुद्धा. "अन् मला रडू येईना बघ. एवढं आलेलं, त्ये पहिल्या बारीलाच सरलं. मी आईकडं बघायलेय, अन् मनात काय, तर आता नीट येईल का न्हाई. पदर कुठं घेऊ. अमर आवाज कवा देईल. आई समोर हाय अन् मी शाळंतल्या नाटकातल्या पोरीवानी दाराआड उभी. मग तू ये म्हणलास. अन् मी आले रडत. कशी आले, मलाच कळलं न्हाई."

अमरदीपनं आपण बसलो होतो त्या पोत्याकडं बघितलं आणि तो जरा बाजूला सरकला.

"त्या दिसापसून मी आईसाठी रडले न्हाई, अमर. पुण्यतिथीला न्हाई. तिचं लुगडं गोधडीला लावलं, तवा न्हाई. डोळ्यात पाणी आलं की वाटतंय, ह्ये खरं का परत केलेलं? की सरतंय तिथंच. तुझ्यावर राग न्हाई बाबा. मला दारात यायलाच जमंना. तिथं उभी राह्यले की कुणीतरी ये म्हणल असं वाटतंय."

"काढून टाकतो त्ये. सिनेमातनं काढतो."

"काढ न्हाईतर ठिव. काढून माझं गेलेलं येणाराय का?" ती उठली. "पुंडी थंड व्हायली. जेव आता."

तो जेवला. अक्कानं बळंच अर्धी भाकरी जास्त वाढली, शेंगाची चटणी डब्यात भरून दिली. आणि निघताना आतूनच म्हणाली, "नीट जा. पोचलास की फोन कर."

गुलबर्ग्यात त्याची सोय एका लॉजमध्ये केली होती. कार्यक्रमाला दोन दिवस होते. कार्यक्रम ठरवणारे गुरुशांतप्पा, कॉलेजातून निवृत्त झालेले प्राध्यापक, भेटायला आले ते फुलांचा हार घेऊनच. मोठा उमदा माणूस. कानडी, मराठी, दखनी एका वाक्यात कालवून बोलायचे.

"सर, वो दारातला शॉट है ना, तो मी दरवर्षी पोरांना शिकवतो. बीस साल झाले. लोग उसीके लिए येणार बघा. त्या अक्का येणारेत का?"

"न्हाई."

"बोलला असता तर गाडी धाडलो असतो मी."

"गाडीचा प्रश्न न्हाई," अमरदीप म्हणाला. पुढचं सांगणं त्याच्या जिवावर आलं.

ते गेल्यावर त्यानं खिडकी लावली, दुपारच्या त्या उकाड्यात लॅपटॉप उघडला आणि दुसरा शॉट लावला. नेमका फोकस बसलेला. हा शॉट त्यानं शेकडो वेळा पाहिला होता, पण दर वेळी अक्का दिसते तिथपासून. आज त्यानं तो मागं नेला, कॅमेरा चालू झाला तिथपर्यंत. कॅमेरामन आधी कॅमेरा सुरू करतो, मग माणसाला बोलावतो. त्यामुळं सुरुवातीला काहीच नसतं. इथंही काही नव्हतं. उघडं दार, आतला अंधार, उंबऱ्यावर पडलेलं ऊन. त्यानं मोजलं. नऊ सेकंद. मग त्याचाच आवाज, "ये."

त्या नऊ सेकंदांत अक्का आत दाराआड उभी होती.

हे आपल्याला कधीच दिसलं नाही. जगभर फिरलो, लोकांच्या घराघरांत शिरलो, माणसाच्या मनातलं चेहऱ्यावर येतं ते टिपतो म्हणून भाषणं ठोकली. आणि सख्खी बहीण चार हातांवर लाकडामागं उभी राहून विझत होती, ते कळलं नाही. तो लॉजच्या पलंगावर बसून राहिला. चहावाला येऊन दार वाजवून गेला, ते त्याला ऐकू आलं, पण उठावंसं वाटेना.

शॉट काढायचा तर सिनेमा लंगडा होणार, हे त्याच्याइतकं कुणाला कळत होतं? सगळा सिनेमा त्या धावत येण्याकडं चाललेला. ते गेलं तर उरते एक म्हातारी, तिचं निवडणं-पाखडणं, आणि मग एकदम मेणबत्त्या. नाव झालं होतं ते त्या शॉटमुळं. दुसरे सतरा सिनेमे लोकांना आठवत नव्हते, हा एक आठवत होता, आणि त्यातलाही हा एक शॉट. छप्पन्नाव्या वर्षी माणसाजवळ दुसरं असतं काय? संध्याकाळपर्यंत त्यानं तो तीनदा काढला आणि तीनदा परत लावला. चौथ्यांदा काढला तेव्हा नऊ सेकंदांचं दार ठेवलं, "ये" म्हणायच्या आधी कापलं, आणि पुढं मेणबत्त्या जोडल्या. मग कॉपी पुसून टाकावीशी वाटायच्या आत गुरुशांतप्पांच्या माणसाकडं देऊन आला.

शेवटच्या दिवशी हॉल भरला होता. कॉलेजची मुलं, दोन-चार पत्रकार, पुढच्या रांगेत शाली पांघरायला आलेले मान्यवर. अमरदीप दुसऱ्या रांगेत कडेला बसला. पडद्यावर सरुबाई तूर पाखडत होती. गौरम्माशी भांडत होती, तेव्हा हॉल हसला. ओढ्यात देव सोडल्याचं सांगत होती, तेव्हा कुणी हललं नाही. आणि मग ते दार आलं.

उघडं दार. एक, दोन, तीन सेकंद. ज्यांना सिनेमा माहीत होता ते सावरून बसले. पाच, सहा. कुणी येईना. मागून कुणीतरी खोकलं. एक जण मान वळवून प्रोजेक्टरकडं बघू लागला. आठ, नऊ. मेणबत्त्या.

लाइट लागल्यावर टाळ्या वाजल्या, पण विरळ. भुकेल्या माणसाला अर्ध्या ताटावरून उठवावं तसे लोक एकमेकांकडं बघत होते. गुरुशांतप्पा वाकून कानाशी म्हणाले, "सर, कॉपीत गडबड झाली का? वो शॉट कट गया बघा."

"गडबड न्हाई. मीच काढलो."

"कामून सर?" त्या बिचाऱ्यांचा चेहरा उतरला. "उसीके वास्ते तो..."

"सांगतो नंतर. एक फोन करून येतो."

तो हॉलबाहेरच्या व्हरांड्यात आला. सातची वेळ. अक्का देवळाच्या भोंग्याला शिव्या देत स्वयंपाकाला लागली असेल. तिनं लगेच उचलला.

"झालं का तुझं?"

"झालं."

"जेवलास का?"

"न्हाई अजून. अक्का, त्ये काढलो मी."

"काय काढलास?"

"तुझं. दारातलं. तू न्हाईस आता त्यात."

"मग काय हाय?"

"नुसतं दार हाय. नऊ सेकंद."

"कवाड उघडं हाय का लावलेलं?"

"उघडं हाय."

तिकडं भांड्याचा आवाज झाला, मग थांबला. "अन् मी?"

"तू आतच हाइस," अमरदीप म्हणाला. "आईजवळ. तुला कुणी बोलवलं न्हाई."

त्याला वाटलं फोन कट झाला. कानापासून काढून त्यानं बघितलं, लागलेलाच होता. परत कानाला लावला तेव्हा श्वास ऐकू आला, जड, अडखळत. मग एक बारीकसा आवाज, लहान पोर झोपेत कण्हतं तसा. आणि मग तो आवाज मोठा होत गेला. "आई गं," ती म्हणाली. "आई, माझे आई." पुढं सगळं जुन्या बायांच्या चालीवर, ओढून ओढून, आईचं नाव घेत, तिचं लुगडं, तिच्या हातचं वरण, तिनं मुडबीहून आलेल्या विधवा लेकीला एका शब्दानं न विचारता पदराखाली घेतलेलं, सगळं सांगत ती रडत राहिली. गौरम्मा आलेली असावी. "यव्वा, यव्वा, बस गं," असं कानडी-मराठीत ती मागं पुटपुटत होती.

अमरदीपचे डोळे भरून वाहायला लागले. ते त्यानं पुसले नाहीत. मध्येच "अक्का" म्हणावंसं वाटलं, तेही म्हणाला नाही. धीर देणं, समजावणं, काहीच नाही. फोन कानाला धरून भिंतीशी उभा राहिला.

एक कार्यकर्ता लगबगीनं बाहेर आला, त्याला बघून दारातच थबकला, आणि हळूच परत आत गेला. आत माइकवर अमरदीपचं नाव पुकारलं. टाळ्या झाल्या, थांबल्या. जरा वेळानं दुसऱ्यांदा पुकारलं. तिकडं अक्का अजून रडत होती, आणि तो ऐकत होता.